बाहुलीची जबानी

डोळ्याच्या बाहुलीचे आकुंचन-प्रसरण मनुष्याच्या इच्छेच्या ताब्यात नाही, आणि ज्या अवयवावर आपली हुकमत चालत नाही तो आपल्याविषयी खोटी जबानी देण्याचा संभवही अल्प, या विचारावर एका सबंध शास्त्रशाखेची उभारणी झाली आहे. बाहुलीच्या मापाचा विचार आपल्याकडेही प्राचीन आहे. सुश्रुताने उत्तरतंत्रात तिचे प्रमाण मसुरीच्या डाळीएवढे सांगितले आहे. परंतु ते माप रचनेचे होते. ते क्षणोक्षणी पालटते आणि त्या पालटण्यालाही काही अर्थ असतो, ही जाणीव पुष्कळ उशिराची.

इटालियन शास्त्रज्ञ फेलीचे फोंताना याने १७६५ साली दाखवून दिले की, प्रकाश नुसत्या बुबुळावर पडल्याने बाहुली हालत नाही, तो आतल्या दृष्टिपटलावर पडावा लागतो. आणि झोपेत, म्हणजे मिटल्या पापणीआडच्या अंधारातही, ती बारीक झालेली असते, हेही त्याने नोंदविले. या दुसऱ्या निरीक्षणाचे मोल मला अधिक वाटते, कारण अंधारात बाहुली विस्तारावी हा सरळ हिशेब येथे चुकतो, आणि प्रकाशाखेरीज आणखी कोणाचा तरी अंमल तिच्यावर चालतो हे मान्य करणे प्राप्त होते.

तो अंमल मनाचाही आहे, हे मोजून सांगावयास दोन शतके लोटली. एकहार्ट हेस व जेम्स पोल्ट यांनी १९६० साली आवडीचे चित्र पाहताना बाहुली विस्तारते असे प्रतिपादिले. नावडत्या चित्राने ती आकुंचते हा हेस यांचा दावा पुढे टिकला नाही, परंतु १९६४ साली तोंडी गुणाकार करविताना गणिताच्या काठिण्याबरोबर बाहुली वाढत जाते हे त्याच दोघांनी पाहिले, ते टिकले. १९६६ साली डॅनिएल कानेमान व जॅक्सन बीटी यांनी सेकंदागणिक एकेक अंक ऐकवून तो ध्यानात ठेवावयास सांगितला, तेव्हा प्रत्येक अंकासरशी बाहुली रुंदावत गेली, आणि ते अंक परत म्हणून दाखविताना क्रमाक्रमाने पूर्ववत झाली. ही वाढ फार तर अर्ध्या मिलिमीटरची, आणि उजेड-अंधाराने होणारा फरक दोनपासून आठ मिलिमीटरपर्यंतचा. म्हणून उजेड स्थिर राखल्यावाचून या मोजणीस काडीचीही किंमत नाही. पुढे १९७९ साली अहर्न व बीटी यांना असे आढळले की, एकच गणित सोडविताना अधिक बुद्धिमान विद्यार्थ्यांची बाहुली कमीच विस्तारते. तेव्हा बाहुली सांगते ती प्रयासाची हकीकत, योग्यतेची नव्हे. आणि शाळेतल्या मुलाचे लक्ष या मापाने जोखावयास निघालेल्या कोणीही हा भेद प्रथम ध्यानी घ्यावा, असे मला कळकळीने वाटते.

मनाचा असा माग काढताना देहाचे विस्मरण मात्र होता कामा नये.  कपाशी-सोयाबीनच्या मुलखातल्या यवतमाळ जिल्ह्यात २०१७ च्या हंगामात फवारणीच्या विषबाधेने वीसहून अधिक शेतकरी व शेतमजूर दगावले, शेकडो रुग्णालयात दाखल झाले. मोनोक्रोटोफॉससारखी ऑर्गनोफॉस्फेट वर्गातील कीटकनाशक औषधे ॲसिटिलकोलीन या द्रव्याचा निचरा करणारे विकर निकामी करतात. ते द्रव्य साचत जाते, घाम व लाळ सुटते, छातीत कफ दाटतो, आणि बाहुलीला आवळणारा स्नायू ढिला न पडल्यामुळे ती टाचणीच्या टोकाएवढी होते. तिला मोजण्यास येथे यंत्र लागत नाही, साधी विजेरी पुरते. त्यावरचा उतारा ॲट्रोपीन; शेताच्या बांधावरील धोतऱ्यातही हे द्रव्य असते, पण त्याचे प्रमाण अनिश्चित व घातक, म्हणून तो घरगुती उपाय कोणी करू नये.

या उताऱ्याची मात्रा ठरविताना वैद्यकशास्त्र बाहुलीवर विसंबत नाही, ही गोष्ट मला विशेष विचारणीय वाटते. फवाऱ्याचे तुषार थेट डोळ्यात गेले असतील तर अंगातील विषबाधा ओसरल्यावरही बाहुली बारीकच राहू शकते. म्हणून छातीतील घरघर थांबली की नाही, नाडी व रक्तदाब सुधारला की नाही, हेच डॉक्टर पाहतात. शिवाय शिवारात अनेकदा दोन-तीन औषधे एकत्र मिसळून फवारली जातात, आणि त्यांपैकी प्रत्येकाचे लक्षण बाहुलीत उमटतेच असे नाही. फवारणी करताना घेरी आलेल्या मजुराला दवाखान्यात नेताना त्या औषधांच्या बाटल्या लेबलांसह सोबत न्याव्यात, आणि त्याचे भिजलेले कपडे उतरवून अंग साबणाने धुण्यास विलंब करू नये.