चौर्यप्रत आणि न मोजलेला प्रेक्षक

चित्रपटाची चौर्यप्रत पाहणे नीतिबाह्य आहे काय, या प्रश्नाचे उत्तर कायद्यात पूर्णपणे सापडत नाही. सिनेमॅटोग्राफ कायद्यातील २०२३ च्या दुरुस्तीने अनधिकृत मुद्रण व प्रदर्शन यांस ३ महिने ते ३ वर्षे कारावास आणि किमान ३ लाख रुपये दंड ठरविला; केवळ पाहणाऱ्याविषयी मात्र या तरतुदी मौन बाळगतात. नैतिक प्रश्न उरतो तो नेमका या मौनात.

प्रेक्षकाच्या समर्थनार्थ एक युक्तिवाद केला जातो. मराठी चित्रपटांचे वितरण मुख्यतः शहरांतील पडद्यांभोवती फिरते. भोकरदन तालुक्यातील धावड्यासारख्या गावचा रसिक त्या हिशेबात क्वचितच धरला जातो. ज्याला तिकीट विकण्याचा विचारच कोणी केला नाही, त्याने तिकीट बुडविले असे कसे म्हणावे? शिवाय प्रत घेतल्याने मूळ कृती नाहीशी होत नाही. हा युक्तिवाद पोकळ नाही. वॉल्टर बेन्यामिनने १९३६ मध्ये प्रसिद्ध केलेल्या निबंधात यांत्रिक पुनरुत्पादनाने कलाकृती लोकांजवळ येते, असे प्रतिपादिले होते. चौर्यप्रत त्या शक्यतेची विकृत पूर्ती म्हणता येईल.

तथापि या युक्तिवादात एक गोष्ट निसटते. वितरकाच्या लेखी प्रेक्षकाचे अस्तित्व तिकिटातूनच सिद्ध होते. भ्रमणध्वनीवर एकट्याने पाहणारा रसिक आस्वाद घेतो, पण त्याची साक्ष कोठेही नोंदली जात नाही. परिणामी 'खेड्यात प्रेक्षक नाही' या मूळ अन्यायी गृहीतकाला तोच नकळत पुरावा पुरवितो.

येथे 'सैराट'चे उदाहरण उद्बोधक ठरते. २९ एप्रिल २०१६ रोजी प्रदर्शित झालेल्या नागराज मंजुळे यांच्या या चित्रपटाच्या अनधिकृत प्रती सर्वत्र पसरल्या. तरीही शंभर कोटींहून अधिक उत्पन्न मिळविणारा तो पहिला मराठी चित्रपट ठरला. यावरून चौर्यप्रत निरुपद्रवी ठरत नाही, कारण लहान चित्रपटास असा पूर लाभत नाही. मात्र समूहात बसून पाहण्याची ओढ प्रतीने भागत नाही, एवढे त्यातून दिसते. तंबूतील सिनेमाने जत्राजत्रांतून ही ओढच जोपासली होती.

म्हणून दोष एकट्या प्रेक्षकाच्या माथी मारणे जसे अन्यायाचे, तसेच त्याला निर्दोष ठरविणेही अपुरे. सहृदयाचा कलेवर अधिकार आहे. परंतु तो चोरून बजावला की अधिकार म्हणून उरतच नाही.