एका विकेटचा हिशेब

खोटं बोलायला समोर कोणीतरी लागतं, चोरी करायला दुसऱ्याचं काहीतरी लागतं आणि लाच द्यायला निदान एक टेबल लागतं. मग समोर कोणीच नसेल, कोणाचं काही जात नसेल आणि टेबलही आपलंच असेल, तर माणसाला लबाडी करता येते का? हा प्रश्न मोठमोठ्या तत्त्वज्ञांना पडला असेल. माझ्यासारख्या बी.कॉम. माणसाला तो पडायचं काही कारण नव्हतं. आमच्या अभ्यासक्रमात नीतिशास्त्र नव्हतं, ऑडिटिंग होतं. म्हणजे लबाडी करावी की करू नये हे आम्हाला कोणी शिकवलं नाही, ती सापडते कशी एवढंच शिकवलं. तरीही हा प्रश्न माझ्या राशीला आला, तो सासुरवाडीकडून. जावयाच्या आयुष्यात बरेचसे गहन प्रश्न त्याच वाटेने येतात.

आमची सासुरवाडी शिवाजी पार्कची. पार्काची म्हणजे अगदी समोरची. गॅलरीतून अर्धं मैदान दिसतं आणि उरलेलं अर्धं एका झाडाने अडवलेलं आहे. हे सांगायचं कारण, आमची सौ. माहेरचा पत्ता सांगताना रस्त्याचं नाव सांगतच नाही. "आम्ही पार्कावरचे" एवढंच म्हणते आणि समोरच्याला डोंबिवली, विरार, मुलुंड जिथला असेल तिथला करून टाकते. १९२५ साली हे मैदान लोकांसाठी खुलं झालं तेव्हा त्याचं नाव माहीम पार्क होतं. १९२७ साली नगरसेविका अवंतिकाबाई गोखले यांच्या पुढाकाराने ते शिवाजी पार्क झालं आणि २०२० साली महापालिकेने त्याचं छत्रपती शिवाजी महाराज पार्क केलं. नाव कितीही लांबलं तरी माणसं 'पार्क' एवढंच म्हणतात, जशी मुंबईत इतर उद्यानं नाहीतच.

सासरे याच मैदानावर क्लबचं क्रिकेट खेळले. मी त्यांना बाबा म्हणतो. वय आता शहात्तर. त्यांची ख्याती शतकांसाठी नव्हती (शतकं एकंदर दोन, तीही एकाच मोसमात), ती होती आउट होण्यासाठी. बॅटची कड लागली की अंपायरचं बोट वर जायच्या आत बाबा पॅव्हेलियनच्या म्हणजे झाडाखालच्या बाकाच्या निम्म्या वाटेवर असत. एकदा म्हणे कड लागल्याचं बोलरलाही कळलं नव्हतं, विकेटकीपरलाही नाही. बाबांनी स्वतःच्या विरुद्ध स्वतःच अपील केलं. अशा माणसाची मुलगी करून घेतल्यावर जावयाला घरी उशिरा येण्याची खरी कारणं सांगावी लागतात.

आणखी एक. बाबांनी आपल्या प्रत्येक डावाची नोंद ठेवली आहे. लाल पुठ्ठ्याच्या जाड वह्या. मी त्या पाहिल्या तेव्हा माझ्यातला कारकून गहिवरला. तारीख, मैदान, समोरचा संघ, धावा, कसा आउट झालो आणि शेवटी शेरा. "शून्य. धावबाद. चूक माझी." "चार. पायचीत. अंपायर बरोबर." बँकेत इतकी स्वच्छ नोंद मी फक्त इन्स्पेक्शनच्या आदल्या दिवशी पाहिलेली आहे.

गुडघ्यांनी असहकार पुकारल्यावर बाबांचा खेळ गॅलरीत आला. तिथून चहा पीत नेट बघायचं आणि खालच्या पोरांना ऐकू न जाईल अशा आवाजात सल्ले द्यायचे. मग मेव्हण्याने दिवाळीत टीव्हीला लावायची ती फायर टीव्ही स्टिक आणली. बोटभर कांडी. टीव्हीच्या पाठीला एकदा खुपसली की इंटरनेटवरचं सगळं जग पडद्यावर. आणली होती सासूबाईंना कीर्तनं बघता यावीत म्हणून, पण कीर्तनाच्या शेजारीच खेळांचं दुकान होतं. त्यात एक क्रिकेटचा खेळ रिमोटवर खेळता येई. रिमोटवर एक गोल कडं, चार दिशा दाखवणारं, आणि मधोमध एक बटण. बोलर धावत येतो, चेंडू टप्पा घेतो, आपण वेळेवर बटण दाबायचं. बॅट आपोआप फिरते. फुटवर्क नाहीच. आणि बाबांचं तर नेमकं तेवढंच गेलेलं होतं. डोळा आणि अंगठा शाबूत. पंचवीस वर्षांनी बाबा पुन्हा क्रीझवर उभे राहिले, म्हणजे बसले.

इथवर सगळं आनंदाचं होतं. एका रविवारी ताटावर बसलेलो असताना आमच्या नऊ वर्षांच्या चिरंजिवांनी जाहीर केलं, "आजोबा चीटिंग करतात."

आमटीचा डाव सासूबाईंच्या हातात तसाच राहिला. सौ.ने मुलाकडे अशा नजरेने पाहिलं की दुसरं मूल असतं तर त्याने शब्द मागे घेतला असता. पण हाही आजोबांवरच गेलेला. त्याने पुरावा दिला. आजोबा आउट झाले की डाव तिथेच मोडतात आणि रीस्टार्ट करतात. पन्नासाच्या पुढे गेले तरच शेवटपर्यंत खेळतात. आणि वहीत लिहितात ते फक्त पन्नासाच्या पुढचे.

म्हणजे वही अजून चालू होती! लाल पुठ्ठ्याचीच. मैदानाच्या रकान्यात 'टीव्ही'. सरासरी ब्रॅडमनला खाली बघायला लावील अशी.

"बाबा, तसं नाही ना?" सौ. म्हणाली.

"तसंच आहे," बाबा शांतपणे म्हणाले. "पण ते चीटिंग नाही. मैदानात मी आउट झालो की का जायचो? पुढचा माणूस पॅड बांधून बसलेला असायचा. त्याची पाळी मी खाऊन कसं चालेल? इथे मी आउट झालो तर कोण येणार आहे? कोणीच थांबलेलं नाही. मग मी उठायचं कोणासाठी?"

मी चकित झालो. आउट होणं म्हणजे शिक्षा, असंच मी आजवर समजत होतो. बाबांच्या लेखी ते देणं होतं, पुढच्या माणसाचं. आणि धनकोच नसेल तर कर्ज कसलं? बँकेच्या दृष्टीने यात बोट ठेवायला जागा नव्हती.

"पण त्या बोलरने विकेट काढली होती ना!" चिरंजीव म्हणाले. "ती त्याची गेली."

यावर बाबा काही बोलले नाहीत. सौ. माझ्याकडे वळून म्हणाली, "तुम्ही सांगा काय ते. एवढे लेख लिहिता." कुटुंबात लेखकाची आठवण अशाच वेळी होते.

मी आठवडाभराची मुदत मागून घेतली आणि विचाराला लागलो. पहिला प्रश्न त्या बोलरचा. हा गृहस्थ आहे कुठे? बाबांच्या खेळात तो त्या कांडीत राहतो. काही खेळांत तो तिथेही नसतो. दूर कुठल्यातरी कंपनीच्या संगणकात असतो, आपलं बटण दाबणं तिथवर जातं आणि चित्र तेवढं आपल्याकडे येतं. गूगल कंपनीने २०१९ च्या नोव्हेंबरात अशी एक सेवा काढली होती, स्टेडिया नावाची. २०२३ च्या जानेवारीत बंद केली. एका दिवसात तिथले सगळे योद्धे, राक्षस, मोटारी गुप्त. कंपनीने लोकांना खेळांचे आणि यंत्राचे पैसे परत केले, हे मी बँकवाला म्हणून मुद्दाम नमूद करतो. पण एखाद्या राक्षसाला नुकसानभरपाई दिल्याचं ऐकिवात नाही. तेव्हा बोलर हा कोणी नव्हे, हे मान्य करावं लागतं. चिरंजिवांचा मुद्दा खारीज.

पण तेवढ्याने बाबा सुटत नाहीत. बर्नार्ड सूट्स नावाचे एक प्राध्यापक होऊन गेले. त्यांनी १९७८ साली पुस्तक लिहून खेळाची व्याख्या केली. तिचा मथितार्थ असा, की नसत्या अडचणी आपखुशीने अंगावर घेऊन त्या पार करणं म्हणजे खेळ. उदाहरण त्यांनी गोल्फचं दिलं. चेंडू भोकात घालणं एवढंच काम असेल तर हातात घेऊन जावं आणि टाकून यावं. काठीने मारत मैलभर फिरायला सांगितलंय कोणी? ती काठी आपण स्वतः मान्य करतो म्हणून तो खेळ. (आमच्या बँकेतही काही कामं याच तत्त्वावर चालतात, पण त्यांना खेळ म्हणत नाहीत.) म्हणजे नियम मोडला तर दुसऱ्याचं काही जावो न जावो, आपण खेळतच नसतो. बाबा मग काय करतात? बटण दाबतात, एवढंच.

हे मला पटलं, पण पुरतं नाही. कारण लहानपणी आम्ही टीव्हीला लावायच्या डब्यात कॅसेट घालून 'काँट्रा' खेळायचो. त्यात तीन जीव मिळत. पण सुरुवातीला दोनदा वर, दोनदा खाली, मग डावं उजवं, डावं उजवं आणि शेवटी बी, ए अशी बटणं दाबली की तीस जीव! हा मंत्र जपानच्या कोनामी कंपनीतल्या काझुहिसा हाशिमोतो यांनी आधी 'ग्रेडियस' या दुसऱ्या खेळासाठी घातला होता. खेळ तपासायचा तर शेवटपर्यंत जायला हवं, आणि स्वतःच बनवलेला खेळ त्यांना स्वतःलाच झेपेना. मंत्र आत राहून गेला आणि जगभरच्या पोरांचं कल्याण झालं. आता ही लबाडी म्हणावी तर खुद्द ब्रह्मदेवाने शिकवलेली.

जास्तीचा जीव वाईट असं नाहीच. गल्लीत आपण 'पहिला बॉल ट्राय' खेळत होतोच की. त्यावर आउट झालं तरी आउट नाही. पण ते आधी ठरलेलं असे. दांडी उडाल्यावर "ट्राय होता" म्हणणाऱ्याला पोरं सोडत नसत. आणि कधीकधी समोरचाच जीव देतो. १९८० सालच्या फेब्रुवारीत वानखेडेवर इंग्लंडच्या बॉब टेलरला अंपायरने झेलबाद दिला, तेव्हा आपला कप्तान विश्वनाथ पुढे झाला आणि त्याला परत खेळायला बोलावलं. टेलरने बोथमबरोबर १७१ धावांची भागी केली आणि आपण दहा विकेटनी हरलो. बाबा त्या टेस्टबद्दल बोलतात तेव्हा हरल्याचं सांगायला विसरतात, परत बोलावल्याचं नाही. तो जीव विश्वनाथचा होता द्यायला. टेलरचा नव्हता घ्यायला. बाबांच्या टीव्हीत विश्वनाथ नाही, पंचाईत इथे होते.

बरं, डाव पुन्हा मांडून भलं होतंच असंही नाही. धृतराष्ट्राने द्यूतात हरलेलं सगळं धर्मराजाला परत दिलं होतं. महाभारतातला रीस्टार्टच तो. धर्मराज पुन्हा बसला आणि बारा वर्षं वनवास, एक वर्ष अज्ञातवास घेऊन उठला.

मला स्वतःला खरी खुपत होती ती वही. रीस्टार्टचं मी समजू शकतो. शहात्तर वर्षांच्या माणसाला कोणीतरी पुन्हा उभं राहू देतंय, तर त्याने नाही का म्हणावं? खाली मैदानावर तो उतरू शकत नाही; पायऱ्याच साठ आहेत. पण हिशेबाच्या वहीचा एक धर्म असतो. बँकेत नोंद चुकली तर खोडत नाहीत. उलटी नोंद घालतात. चूकही दिसते आणि दुरुस्तीही दिसते. "शून्य. धावबाद. चूक माझी" लिहिणाऱ्या हाताने आता शून्यं गाळावीत, हे मला बघवेना. ती वही उद्या चिरंजिवांकडे जाणार. तो दोन्हीकडची पानं वाचणार. मागची पानं खरी आहेत हे पुढच्या पानांनी कळणार कसं?

पुढच्या रविवारी मी हे सगळं घेऊन गेलो. सूट्स, विश्वनाथ, धर्मराज, उलटी नोंद. बाबांनी पूर्ण ऐकून घेतलं. ऐकता ऐकता त्यांचा अंगठा चालूच होता. अकरावर त्रिफळा उडाला आणि सवयीने ते रीस्टार्टकडे गेले.

"बाबा," मी म्हटलं, "सांगतोय ते—"

"पटतंय हो," ते म्हणाले. "पण माझ्या प्रश्नाचं उत्तर यात नाही. मी आउट झालो तर येणार कोण?"

"मी," चिरंजीव म्हणाले. "मी केव्हाचा थांबलोय."

खरंच तो थांबला होता. सोफ्याच्या हातावर बसून, किती रविवार कोण जाणे. चीटिंगची तक्रार करताना हे सांगायचं त्याला सुचलं नव्हतं आणि बोलरच्या वतीने तो भांडत बसला होता. बाबांनी त्याच्याकडे पाहिलं, मग हातातल्या रिमोटकडे. मग वही उघडून त्या दिवसाच्या तारखेसमोर लिहिलं: "अकरा. त्रिफळा. बॉल चांगला." आणि रिमोट दिला.

तेव्हापासून तिकडे नियम झाले आहेत. आचरेकर सर याच पार्कात स्टंपवर रुपयाचं नाणं ठेवत. तेंडुलकरला आउट करणाऱ्या बोलरला ते मिळायचं, कोणीच आउट केलं नाही तर ते तेंडुलकरचं. अशी तेरा नाणी त्याच्याकडे जमली. आमच्याकडेही नाणं ठेवायचं ठरलं, पण आताचे टीव्ही पापडासारखे. वर नाणं राहत नाही. दूरदर्शनच्या काळातल्या टीव्हीवर नाणं काय, भरतकामाचा रुमाल, फुलदाणी आणि गणपतीसुद्धा राहायचा. शेवटी नाणं शोकेसवर ठेवतात. बाबा आउट झाले तर ते बोलरचं, पण बोलर कांडीत असल्यामुळे त्याचं मुखत्यारपत्र चिरंजिवांकडे आहे. या महिन्यात त्याच्या डब्यात सतरा रुपये जमले. वहीतली सरासरी नऊवर आली आहे.

परवा त्याची पाळी होती. पहिल्याच बॉलला दांडी गुल. तो म्हणाला, "आजोबा, ट्राय होता."

"आधी बोलला होतास?" बाबांनी विचारलं.

"नाही."

"मग दे इकडे रिमोट."