पाच शिलिंगांची वंशावळ

इंग्लंडमधल्या घराण्याचा माग काढणं म्हणजे जिना उतरणं. जनगणनेची दर दहा वर्षांची पायरी 1841 पर्यंत नेते, 1837 पासूनची जन्म-मृत्यूची सरकारी नोंद कठड्यासारखी सोबत असते, आणि त्याहून खाली जायचं तर चर्चच्या वह्या आहेत. त्या ठेवायचा हुकूम थॉमस क्रॉमवेलने 1538 साली काढला होता. आयर्लंडमध्ये मात्र जनगणनेच्या सलग पायऱ्या 1901 लाच संपतात.

त्याचं खापर बहुधा आगीवर फुटतं. 30 जून 1922 रोजी, यादवी युद्धाच्या धुमश्चक्रीत, डब्लिनच्या फोर कोर्ट्समधला सरकारी दफ्तरखाना स्फोटाने आणि आगीने खाक झाला. 1821 ते 1851 च्या चार जनगणनांचे जवळजवळ सगळे तक्ते त्यात गेले. पण सगळं पाप आगीच्या पदरात घालता येत नाही. 1861 आणि 1871 चे तक्ते सरकारनेच आधी नष्ट करवले होते; 1881 आणि 1891 चे पहिल्या महायुद्धातल्या कागदटंचाईत लगदा होऊन गेले. राज्याला आकडा हवा होता. तो मिळाला, की नावं रद्दीत.

तरीही काही नावं वाचली. ती वाचवली पाच शिलिंगांनी.

1 जानेवारी 1909 पासून सत्तरी ओलांडलेल्या गरिबांना आठवड्याला पाच शिलिंगांपर्यंत पेन्शन मिळू लागलं. पण आयर्लंडमध्ये जन्मनोंदणी सुरू झाली 1864 साली. मग या म्हाताऱ्यांनी वयाचा दाखला आणायचा कुठून? कुणी 6 जानेवारी 1839 च्या रात्रीचं महावादळ आठवतं म्हणून सांगितलं. ते आठवतंय म्हणजे सत्तरी उलटलीच. कुणाचं वय 1901 ते 1911 या दहा वर्षांत चौदा-पंधरा वर्षांनी वाढलं. बाकीच्यांसाठी दफ्तरखान्यातल्या कारकुनांनी 1841 आणि 1851 चे तक्ते उघडले, आणि अर्जदाराचं लहानपणीचं घर शोधून चिठ्ठीवर उतरवलं.

त्या दोन तक्त्यांच्या मधोमध बटाट्याचा दुष्काळ पडला होता. पहिल्या मोजणीत देशात एक्याऐंशी लाखांवर माणसं होती, दुसरीत पासष्ट लाख. कारकुनाला त्याच्याशी कर्तव्य नव्हतं; त्याला फक्त एका पोराचं वय हवं होतं. पुढे मूळ तक्ते जळाले आणि चिठ्ठ्या उरल्या. इतिहास म्हणून जपलेलं गेलं. पोटासाठी उतरवलेलं टिकलं.

शोध घ्यायचा तर घर ओळखू यायला हवं, म्हणून अर्जावर गाव लागे, बापाचं नाव लागे आणि आईचं माहेरचं आडनावही. जन्मतारीख ठाऊक नसलेल्या माणसालाही आईचं माहेर ठाऊक असतं. कित्येक चिठ्ठ्यांवर कारकुनाने शेवटी शेरा मारला आहे: कुटुंब सापडलं नाही. आज एखादी खापरपणती तो कागद उघडते. खाली तो नकार असतो, आणि वर, म्हातारपणी भाकरीसाठी अर्ज करणाऱ्या लेकराने सांगितलेली, आईबापांची नावं.