मेयर्सचा दाखला

काका माध्यमिक शाळेचे निवृत्त मुख्याध्यापक. पुतणी जळगावात मुलींना सॉफ्टबॉल शिकवते. जॉन टोर्टेस मेयर्स या जुन्या अमेरिकन कॅचरबद्दल ती वाचत होती, आणि त्यातली एक गोष्ट तिला काही केल्या सुटत नव्हती.

पुतणी: काका, दाखल्यांच्या बाबतीत तुमच्याइतकं कडक माणूस मी पाहिलेलं नाही, म्हणून तुम्हालाच विचारते. मेयर्स 1880 मध्ये कॅलिफोर्नियात रिव्हरसाइडला जन्मला. आई कावीया जमातीची, वडील जर्मन वंशाचे, ते लवकर वारले. पोरगा बेसबॉलमध्ये तरबेज निघाला. 1905 मध्ये, पंचविसाव्या वर्षी, त्यानं पार दुसऱ्या टोकाला डार्टमथ कॉलेजात प्रवेश घेतला. शाळा पुरी झालेली नव्हती. दाखला खोटा होता. वर्षभरातच बिंग फुटलं. तुमच्या मते त्यानं चूक केली?

काका: केली. जनरल रजिस्टर उघडून नाव, जन्मतारीख, शेवटची इयत्ता ताडून पाहिल्याशिवाय मी कधी दाखल्यावर सही केली नाही. तो कागद एकट्या मुलाचा नसतो गं. आधीच्या मुलांचे कागद खरे निघाले म्हणून पुढच्या मुलाच्या कागदावर लोक विश्वास ठेवतात. एकानं खोटा चालवला की भुर्दंड पुढच्या गरीब मुलाला पडतो.

पुतणी: हे मला पटतं. पण ते कॉलेज कोणतं होतं तेही ऐका. 1769 च्या सनदेत लिहिलंय की हे कॉलेज तिथल्या मूलनिवासी जमातींच्या तरुणांना शिकवण्यासाठी आहे. त्या आधी मोहेगन जमातीचा सॅमसन ऑकम नावाचा धर्मोपदेशक इंग्लंडमध्ये गावोगाव प्रवचनं देत फिरला आणि आपल्या लोकांच्या शाळेसाठी बारा हजार पौंडांच्या आसपास निधी जमवून आला. त्याचे गुरू एलिझर व्हीलॉक यांनी तोच पैसा या कॉलेजाकडे वळवला, आणि कॉलेज भरलं ते गोऱ्या मुलांनी. ऑकमच्या मनातून ही फसवणूक कधी गेली नाही. पहिल्या दोनशे वर्षांत तिथून पदवी घेऊन बाहेर पडलेले मूलनिवासी विद्यार्थी किती असतील?

काका: शेकड्यांत असतील.

पुतणी: 19.

काका: दोनशे वर्षांत?

पुतणी: दोनशे वर्षांत. सनदेतलं वचन मनावर घेऊन पुन्हा प्रयत्न सुरू झाले ते 1970 मध्ये. आता सांगा, ज्या दारावर आपल्याच लोकांचं नाव कोरलंय, त्या दारातून एक माणूस खोटा कागद दाखवून आत गेला. आधी खोटं कोण बोललं?

काका: कॉलेज. पण त्यामुळे मेयर्सचा कागद खरा होत नाही. आपल्याकडच्या बोगस जमात प्रमाणपत्रांचं बघ. 2017 मध्ये सर्वोच्च न्यायालयानं सांगितलं की अशा कागदावर मिळवलेली नोकरी किंवा प्रवेश टिकणार नाही, मग मध्ये कितीही वर्षं जावोत. मला त्या निकालाचा आनंद झाला होता. मेयर्सला वेगळी फूटपट्टी लावली तर मी खोटा ठरेन.

पुतणी: आपल्याकडे आदिवासी मुलाच्या ताटातला घास दुसऱ्यानं पळवला. मेयर्सनं कुणाच्या ताटात हात घातला?

काका: कुणाच्याच नाही, हे कबूल. पण मग तू दोन प्रश्नांचा गुंता करते आहेस. नुकसान कुणाचं झालं हा एक, आणि शब्द खरा होता का हा दुसरा. पहिल्यात तो सुटतो, दुसऱ्यात अडकतो. शिवाय त्याला शाळा पुरी करायला कुणी अडवलं होतं?

पुतणी: अडवलं असं नाही, पण वाट तरी कुणी काढली होती? त्याच्याच रिव्हरसाइडला 1902 मध्ये सरकारनं शर्मन इन्स्टिट्यूट काढलं, खास मूलनिवासी मुलांसाठी. शिकवायचे काय? मुलांना सुतारकी, लोहारकाम, शेती. मुलींना स्वयंपाक आणि शिवण. अशा शाळांतून कॉलेजाला जाणारं पोर तयार व्हावं हा हेतूच नव्हता. दाखला मागायचा आणि दाखल्यापर्यंत नेणारी पायरीच बांधायची नाही.

काका: हं. हा मुद्दा जड आहे. पण खोट्याचा आणखी एक तोटा असतो, तो तू धरत नाहीस. खोटं सांगून आत गेलेला माणूस दार उघडत नाही. तो गुपचूप शिरतो, आणि दार होतं तसंच राहतं.

पुतणी: याचंच एक उदाहरण मला फार अस्वस्थ करतं. जॉन मॅग्रॉ हा न्यूयॉर्क जायंट्सचा मॅनेजर, पुढे मेयर्स त्याच्याच हाताखाली खेळला. त्याआधी 1901 मध्ये मॅग्रॉ बाल्टिमोरच्या संघाकडे होता. आर्कान्सामधल्या हॉट स्प्रिंग्जला एका हॉटेलात चार्ली ग्रँट काम करायचा, उत्तम सेकंड बेसमन. पण तो कृष्णवर्णीय, आणि मोठ्या लीगची दारं त्यांना बंद. मॅग्रॉनं युक्ती केली. ग्रँटला चेरोकी ठरवलं, 'टोकोहामा' असं नाव दिलं. शिकागोच्या चार्ल्स कॉमिस्कीनं त्याला ओळखलं आणि सगळं फसलं. ग्रँट मोठ्या लीगमध्ये कधीच खेळला नाही.

काका: आणि फसलं नसतं तर?

पुतणी: तर एक टोकोहामा खेळला असता. बाकीचे बाहेरच राहिले असते. दार उघडलं ते 1947 मध्ये, जॅकी रॉबिन्सन स्वतःच्या नावानं आणि स्वतःच्या रंगानं उभा राहिला तेव्हा.

काका: मग तूच माझं म्हणणं सिद्ध केलंस.

पुतणी: अर्धं. रॉबिन्सनला 1901 मध्ये कुणी उभं राहू दिलं असतं? चार्ली ग्रँटचं आयुष्य काही 1947 पर्यंत थांबणार नव्हतं. काका, दोन्ही गोष्टींत खोटं रचणारा माणूस वेगळाच आहे, हे तुमच्या लक्षात आलं का? ग्रँटचं नाव मॅग्रॉनं ठरवलं. मेयर्सचा दाखला मिळवून दिला राल्फ ग्लेझ या डार्टमथच्याच खेळाडूनं. डार्टमथच्या संघाला दणकट कॅचर हवा होता. बिंग फुटल्यावर ग्लेझ 1906 मध्ये बॉस्टनकडून मोठ्या लीगमध्ये बॉल टाकायला उतरला. कॉलेज सुटलं ते मेयर्सचं.

काका: हे मात्र मी माझ्या डोळ्यांनी पाहिलंय. खाडाखोड करणारा मोठा माणूस असतो आणि नाव कापलं जातं पोराचं. तरी एक विचारतो. तुमच्या खेळात फसवणं चालतंच ना? कॅचर खुणा लपवून करतो म्हणतात.

पुतणी: करतो. उकिडवं बसायचं, उजवा हात मांड्यांच्या मध्ये, ग्लोव्ह डाव्या गुडघ्याबाहेर आडवा धरायचा, म्हणजे बेसवरच्या कोचला बोटं दिसत नाहीत. एक बोट, दोन बोटं, मूठ. पिचर मान हलवतो, बॅटरला पत्ता नसतो. जायंट्सच्या मॅथ्यूसनसारख्या नामांकित पिचरचे बॉल मेयर्सनं असेच घेतले. पण ती लपवाछपवी दोघांना ठाऊक असते. समोरचा संघही तेच करतो, नियम दोघांनी मानलेले असतात. डार्टमथच्या दारात मेयर्सनं कुठला नियम मानला होता? तो त्याच्याशिवायच ठरला होता.

काका: म्हणजे जो नियम ठरवताना मी नव्हतो, तो मला बांधत नाही? हे फार लांब जाईल. उद्या प्रत्येक जण असंच म्हणेल.

पुतणी: म्हणून मी तेवढ्यावर थांबत नाही. मला एवढंच म्हणायचंय की दोष मोजताना सगळा मेयर्सच्या पदरात टाकू नये. कॉलेजानं त्याच्यासाठी तयारीचा अभ्यास पुरा करून परत यायची वाट ठेवली होती, असं त्याच्याबद्दल लिहिलेलं आढळतं.

काका: मग तो गेला का?

पुतणी: नाही. 1906 मध्ये तो हॅरिसबर्गकडून व्यावसायिक खेळायला लागला. पुढे ब्यूट, मग सेंट पॉल, आणि 1909 मध्ये न्यूयॉर्क जायंट्स. तेव्हा तो 28 वर्षांचा होता. कॅचरच्या गुडघ्यांना आणि बोटांना फार वर्षं मिळत नाहीत. 1912 मध्ये त्याची सरासरी .358 होती, अख्ख्या नॅशनल लीगमध्ये दुसरी. 1911, 1912 आणि 1913, तीन वर्षं ओळीनं जायंट्स वर्ल्ड सिरीजला पोचले. नंतर 1916 मध्ये ब्रुकलिनकडून तो चौथ्यांदा तिथं उतरला. प्रेक्षक मात्र त्याला पाहून युद्धाच्या आरोळ्या ठोकायचे, आणि वर्तमानपत्रांत तो 'चीफ'च. जवळजवळ प्रत्येक मूलनिवासी खेळाडूला हेच नाव चिकटवायचे.

काका: सचोटीची वाट धरली असती तर?

पुतणी: शाळा, मग चार वर्षांचं कॉलेज. बाहेर पडेपर्यंत तिशी ओलांडली असती. हे .358 कुठे दिसलं नसतं.

काका: आणि पदवीही मिळाली असती. आपण खेळाडू मिळाला म्हणून खूश होतोय. शिकलेला कावीया माणूस मिळाला असता, त्याचं काय? तू त्याच्या आकड्यांच्या बाजूनं बोलते आहेस.

पुतणी: हे मात्र मला टोचलं. कारण डार्टमथबद्दल तो पुढे आयुष्यभर आपुलकीनं बोलत राहिला. एका वर्षाची ओळख, तीही खोट्या कागदावरची. खेळ संपल्यावर दक्षिण कॅलिफोर्नियात मिशन इंडियन एजन्सीचा पोलीसप्रमुख झाला. 1971 मध्ये, एक्याण्णवावा वाढदिवस चार दिवसांवर असताना गेला.

काका: पोलीसप्रमुख! म्हणजे कागद तपासायचं काम त्याच्याकडेच आलं.

पुतणी: तुम्ही 1905 मध्ये डार्टमथला प्रवेश देणाऱ्या टेबलावर असता, आणि दाखला खोटा आहे हे तुम्हाला कळलं असतं, तर?

काका: दाखला परत केला असता. आणि त्याला सांगितलं असतं, जाऊ नकोस, थांब. इथेच, या कॉलेजाच्या खर्चानं, तयारीचे वर्ग सुरू करा म्हणून मी वरच्यांकडे भांडलो असतो. सनद त्यांच्या पुढ्यात ठेवली असती.

पुतणी: आणि त्यांनी नाही म्हटलं असतं तर?

काका: तर त्या टेबलावर पुढच्या वर्षीही मीच बसावं का, हा माझा प्रश्न झाला असता. त्याचा नव्हे.