पेढीवाल्याची फिल्म

१९२३ साली जर्मनीत पैशाला पैसा म्हणायची सोय उरली नव्हती. वर्ष सरता सरता एका डॉलरला ४.२ लाख कोटी मार्क मोजावे लागत. जो तो हातातली रक्कम कुठल्या तरी वस्तूत घालून मोकळा होई. लुई हागेन या पेढीवाल्याने कोरी फिल्म घेऊन ठेवली. तिला भाव येईल हा त्याचा हिशेब चुकला आणि माल तसाच पडून राहिला.

हागेनने लोटे रायनिगरचं काम पाहिलं होतं. तेविशी-चोविशीतली ही बाई कात्रीने काळ्या कागदातून माणसं कापायची, सांधे तारेने जोडायची आणि खालून उजेड दिलेल्या काचेवर त्यांना केसभर सरकवत एकेक चित्र टिपायची. वरचा कॅमेरा नवरा, कार्ल कोख, सांभाळायचा. हागेनने विचारलं, या फिल्मवर पूर्ण लांबीचा चित्रपट होईल का?

सिनेमाच्या धंद्यातल्यांनी कपाळाला हात लावला. असली हलती चित्रं म्हणजे दहा मिनिटांची करमणूक. तासभर कोण बसणार? पण ही मंडळी त्या धंद्यातली नव्हतीच, त्यामुळे त्यांना भ्यायचं कारण नव्हतं. पॉट्सडामला हागेनच्या घराजवळ, गॅरेजवरच्या माळ्यावर काम सुरू झालं. विषय होता अरबी कथांमधला राजपुत्र अहमद, त्याचा उडता घोडा आणि जादूगार.

हाताखाली वाल्टर रुटमान होता. आग, धूर, जादू यांची दृश्यं तो करायचा. कलावंत मोठा आणि काळाचं भान असलेला. एक दिवस त्याने विचारलं, या परीकथेचा १९२३शी संबंध काय? लोटे म्हणाली, काहीच नाही. मी आज जिवंत आहे आणि करायची संधी मिळाली आहे, एवढाच. (खरं तर माळ्यावर आलेली फिल्मच १९२३ची देणगी होती, पण हे कुणाच्या लक्षात आलं असेल असं वाटत नाही.)

तीन वर्षं खपून १९२६मध्ये चित्रपट पडद्यावर आला. बर्लिनपाठोपाठ पॅरिसनेही तो डोक्यावर घेतला.

पुढे नाझी आले. रुटमानने काळाशी संबंध राखला. १९४०मध्ये त्याने जर्मन रणगाड्यांवर माहितीपट केला. लोटे आणि कोख यांनी १९३५मध्ये देश सोडला. कायमचा परवाना कुठेच मिळेना, म्हणून ती दोघं वर्षानुवर्षं या देशातून त्या देशात फिरत राहिली. आजारी आईसाठी लोटे युद्धातल्या बर्लिनला परतली. अहमदची मूळ निगेटिव्ह १९४५च्या धुमश्चक्रीत नष्ट झाली; परदेशी गेलेली प्रत लंडनला राहिली, म्हणून चित्रपट वाचला.

हागेन ज्यू. त्याचा मुलगा, तोही लुईच, पोरवयात त्या माळ्यावर वावरलेला. नाझींची टिंगल करणाऱ्या एका पोस्टकार्डापायी तो छळछावणी भोगून आला, इंग्लंडला पोचला आणि पुढे ब्रिटिश सैन्यातून लढला. युद्धानंतर लोटेही लंडनला आली. तेव्हा या लुईने तिच्यासोबत चित्रपट कंपनी काढली. पन्नाशी ओलांडलेली लोटे पुन्हा कात्री घेऊन बसली आणि एकामागून एक परीकथा करत सुटली. त्यातल्या एकीला १९५५मध्ये व्हेनिसला बक्षीस मिळालं. तिचा नायक एक शिंपी होता.