मांजर, उंदीर आणि अश्वत्थामा

ज्याला मरण नाही तो सुखी की दुःखी, या प्रश्नाची दोन उत्तरे बुऱ्हाणपुरात वाढणाऱ्या मुलापुढे एकाच वयात येतात आणि ती एकमेकांच्या अगदी विरुद्ध असतात. एक उत्तर शहराच्या उत्तरेस सुमारे वीस किलोमीटरवर, सातपुड्याच्या माथ्यावर उभ्या असलेल्या असीरगडाचे. त्या गडावरील शिवमंदिरात अश्वत्थामा आजही पहाटे येऊन पिंडीवर फूल वाहून जातो, त्याच्या कपाळावरची जखम अद्याप भरलेली नाही आणि तिचा दाह शमावा म्हणून तो वाटसरूंपाशी तेल मागतो, असे या मुलखात पिढ्यान्‌पिढ्या सांगत आले आहेत. याच सातपुड्यात पश्चिमेकडे, नंदुरबार जिल्ह्यातील अस्तंब्याच्या शिखरावर, दिवाळीच्या सुमारास जी यात्रा भरते तिचे अधिष्ठानही हाच चिरंजीव. दुसरे उत्तर घरातल्या टीव्हीवरचे. १९९५ साली कार्टून नेटवर्क ही वाहिनी भारतात सुरू झाली, आणि मग टॉम नावाचा बोका व जेरी नावाचा उंदीर यांनी आपल्याकडच्या घराघरांत असे बस्तान बसवले की पॉवरलूमवरची पाळी संपवून आलेला बाप आणि शाळेतून परतलेले पोर एकाच चित्राकडे पाहून सारख्याच मोकळेपणाने हसू लागले. तोही बोका मरत नाही. परंतु त्याची कोणतीच जखम टिकत नाही, आणि गडावरच्या त्या दुसऱ्याची एकच जखम संपत नाही. या दोन अमरत्वांचा परस्परांशी काही संबंध आहे काय, हा मला धर्मविचारातला गंभीर प्रश्न वाटतो.

या बोक्याची आणि उंदराची जन्मकथा थोडक्यात सांगण्याजोगी आहे. विल्यम हॅना आणि जोसेफ बार्बेरा या दोघांनी हॉलिवूडच्या मेट्रो-गोल्डविन-मेयर या संस्थेसाठी १९४० साली या मालिकेतला पहिला लघुपट काढला. १९५८ पर्यंत त्यांनी असे ११४ लघुपट केले आणि त्यांपैकी सातांना ऑस्कर पारितोषिक मिळाले. त्यांत संवाद जवळजवळ नाहीत. पळणे, दबकणे, आदळणे यांतील प्रत्येक हालचालीला स्कॉट ब्रॅडली याचे संगीत असे नेमके बिलगलेले असते की शब्दांची उणीव भासतच नाही. आणि म्हणूनच मराठी, हिंदी, उर्दू व गुजराती या चारही भाषा ज्या शहराच्या बाजारात एकाच वेळी ऐकू येतात, तेथे या चित्रांना दुभाष्याची गरज कधी पडली नाही.

त्यांतील प्रसंग ठराविक आहेत, आणि ते ठराविक असण्यातच त्यांचे मर्म आहे. तव्याचा तडाखा बसला की बोक्याचे तोंड तव्याच्या आकाराचे होते. इस्त्री डोक्यावर पडली की लालभडक टेंगूळ वितीवितीने वर चढते. तो भिंतीतून आरपार गेला तर भिंतीला बोक्याच्याच आकाराचे भगदाड पडते. सुरुंगाची वात विझली असे समजून तो वाकून पाहतो, तेवढ्यात स्फोट होतो, आणि धूर विरल्यावर काळवंडलेल्या तोंडात दोन पांढरे डोळे तेवढे मिचकावत राहतात. वात दिसताक्षणीच प्रेक्षकाला पुढचे सारे कळून चुकलेले असते. आख्यान तोंडपाठ असलेला श्रोता कीर्तनाला ज्या ओढीने बसतो, त्याच ओढीने तो स्फोटाची वाट पाहतो. आणि लगेच पुढच्या प्रसंगात बोका धडधाकट उभा असतो. अंगावर ओरखडा नाही, मनात भय नाही, कालच्या सुरुंगाची आठवणही नाही.

आपल्या दर्शनांनी कर्माचा जो नियम सांगितला आहे त्यात कृत्य संपले तरी त्याचा संस्कार उरतो, आणि तो योग्य काळी फलद्रूप होतो. या चित्रसृष्टीत कृत्य आहे, आघात आहे, क्षणभराची वेदनाही आहे. संस्कार मात्र नाही. अशी चित्रे पाहून मुले क्रूर होतात, हा वडीलधाऱ्यांचा आक्षेप मला म्हणूनच पटत नाही. मुलाला या सृष्टीचा कायदा फार लवकर समजतो. अंगणात खऱ्या मांजराचा पाय दुखावला तर तेच मूल कासावीस होते, कारण हे दुखणे पुढच्या चित्राबरोबर पुसले जाणार नाही हे त्याला पक्के ठाऊक असते. ज्या जगात केलेले काहीच मागे उरत नाही अशा जगाची कल्पना तरी करता यावी, ही माणसाची जुनी भूक आहे, आणि ती भूक हे हास्य काही काळ भागवते. परंतु तेथेच त्या जगाची मर्यादाही दिसते. स्मृती नाही म्हणून त्या जगात सूड पिकत नाही, हे खरे. पण स्मृती नाही म्हणूनच तेथे क्षमेलाही जागा नाही. जे आठवत नाही ते माफ कसे करणार?

अश्वत्थाम्याची कथा याच्या दुसऱ्या टोकाला आहे. सौप्तिक पर्वात सांगितले आहे की युद्धाच्या अखेरीस, दुर्योधन मांडी भंगून पडला असता, हा द्रोणपुत्र रात्री एका वटवृक्षाखाली जागा होता. झोपलेल्या कावळ्यांवर एक घुबड येऊन पडले आणि त्याने त्यांचा फडशा पाडला, हे त्याने पाहिले, आणि तोच धडा गिरवून त्याने शिबिरात निजलेल्या धृष्टद्युम्नाला व द्रौपदीच्या पाचही पुत्रांना ठार केले. त्याच्या बाजूने बोलण्यासारखे काही नव्हते असे नाही. त्याच्या पित्याला असत्याच्या आधाराने शस्त्र खाली ठेवायला लावून मारण्यात आले होते, आणि त्या असत्यात नाव त्याचेच वापरले गेले होते. पण त्याने ती आठवण जपली, पोसली, आणि अखेर उत्तरेच्या गर्भावर अस्त्र टाकण्यापर्यंत नेली. श्रीकृष्णाने त्याला मृत्यूचा दंड दिला नाही. तीन हजार वर्षे रक्तपुवाच्या दुर्गंधीसह एकटे भटकत राहण्याचा शाप दिला. मृत्यू हा ज्या खात्याचा शेवट असतो ते खाते मिटवण्याची परवानगीच काढून घेणे, असा त्या शापाचा अर्थ आहे.

योगायोग असा की महाभारतात आणखी एक वटवृक्ष आहे, त्यावरही एक घुबड आहे, आणि त्याच्या बुंध्याशी चक्क एक मांजर व एक उंदीर आहेत. शांतिपर्वात, आपद्धर्म सांगताना, भीष्मांनी युधिष्ठिराला ही कथा सांगितली. लोमश नावाचा बोका पारध्याच्या जाळ्यात सापडला आहे. पलित नावाचा उंदीर निर्धास्तपणे बाहेर पडतो, तो खाली मुंगूस आणि वर घुबड टपून बसलेले. दोघांचाही जीव धोक्यात आहे हे ओळखून उंदीर बोक्याशी बोलणी करतो, त्याच्या अंगाखाली आश्रय घेतो आणि जाळे कुरतडू लागतो, पण मुद्दाम सावकाश. पहाटे पारधी दृष्टीस पडताच तो शेवटचा दोर तोडतो, बोका झाडावर आणि उंदीर बिळात. संकट टळल्यावर बोका मैत्रीच्या गोष्टी बोलू लागतो, तेव्हा पलित बिळातूनच सांगतो की आपली मैत्री कारणापुरती होती, कारण संपले. भीष्मांनी या उंदराची प्रशंसा केली आहे, आणि राजनीतीच्या दृष्टीने ती रास्तच आहे.

हॅना-बार्बेरा यांनी नेमका हाच विषय १९४८ साली 'द ट्रूस हर्ट्‌स' या लघुपटात घेतला. बोका, उंदीर आणि बुलडॉग रीतसर तहनाम्यावर सह्या करतात, शेजारधर्माने नांदू लागतात, आणि मांसाच्या एका तुकड्याच्या वाटणीवरून तो कागद फाडून पुन्हा एकमेकांवर तुटून पडतात. तहाचे आयुष्य किती असते हे आमच्या मुलखाला चित्रपटाने शिकवण्याची आवश्यकता नव्हती. असीरगड १६०१ मध्ये फारुकींकडून अकबराकडे गेला. १८०३ मध्ये तो इंग्रजांनी शिंद्यांकडून घेतला, त्याच वर्षीच्या तहाने तो शिंद्यांना परत मिळाला, आणि १८१९ मध्ये इंग्रजांनी वेढा घालून तो कायमचा घेतला. तह हा हितसंबंधांचा दस्तऐवज असतो. हितसंबंध बदलले की तो दप्तरात तसाच पडून राहतो. त्याने युद्ध थांबते, वैर थांबत नाही.

तहनाम्यानंतर जेमतेम वर्षभराने, १९४९ मध्ये, त्याच दोघांनी 'हेवनली पुस' हा लघुपट काढला, आणि माझ्या मते सबंध मालिकेत धर्माच्या प्रश्नाला थेट हात घालणारे चित्र हेच. येथे नियम मोडला आहे: पियानो अंगावर कोसळतो आणि बोका खरोखर मरतो. तो स्वर्गाच्या दारी जातो, तेथे मेलेल्या मांजरांची रांग लागलेली आहे आणि दारावरचा अधिकारी एकेकाची नोंद तपासून त्याला आत सोडतो आहे. त्या रांगेत एक ओले पोते येते आणि त्यातून तीन इवलीशी पिल्ले बाहेर पडतात. एवढेच. कोणीतरी त्यांना पोत्यात घालून पाण्यात बुडवले आहे, हे चित्र सांगत नाही. अधिकाऱ्याची खिन्न मुद्रा सांगते. ज्या सृष्टीत इस्त्री, सुरुंग आणि तवा यांनी आजवर कोणाचे काही बिघडवले नव्हते, त्या सृष्टीत माणसाच्या हातची खरी क्रूरता शिरते, आणि हसणारा प्रेक्षक क्षणभर थबकतो.

टॉमची पाळी येते तेव्हा त्याला प्रवेश नाकारला जातो, कारण त्याने आयुष्यभर एका उंदराचा छळ केला आहे. मात्र एक तासाची मुदत मिळते: स्वर्गाची गाडी सुटण्यापूर्वी त्या उंदराची सही माफीनाम्यावर आणावी, न आणल्यास नरकातली कढई तयार आहे. मग बोका खाली येतो, केकचे आमिष दाखवतो, उंदराला हा नवा डाव वाटतो, बोक्याचा तोल जाऊ पाहतो. अखेर सगळी ऐट गळून पडून तो नुसता विनवू लागतो, तेव्हा कोठे जेरी सही करतो. पण तोवर गाडी निघालेली असते. बोका कढईत पडतो, आणि जागा होतो तो आपल्या घरातल्या शेकोटीपाशी. सारे स्वप्न होते. पण जागा होताच तो धावत जाऊन त्या उंदराला कवटाळतो.

स्वर्गाच्या अधिकाऱ्याला ती सही स्वतः का करता येऊ नये, हा या चित्राने उभा केलेला खरा प्रश्न आहे. आणि बुऱ्हाणपुरात नांदणाऱ्या सर्व धर्मांनी त्याचे जे उत्तर दिले आहे ते आश्चर्यकारकरीत्या एकच आहे. भागवतात सुदर्शन चक्र मागे लागलेला दुर्वास विष्णूंच्या पायांवर पडतो, तेव्हा विष्णू त्याला स्पष्ट सांगतात की ज्या अंबरीषाचा तू अपराध केलास त्याच्याकडेच जा. क्षमेचा अधिकार येथे देवालाही नाही. इस्लामी धर्मशास्त्रात हुकूकुल इबाद, म्हणजे माणसांचे माणसांवरचे हक्क, यांविषयी हाच दंडक आहे, आणि म्हणून हजला निघालेला मनुष्य प्रवासाआधी नातलगांकडे, शेजाऱ्यांकडे, देण्याघेण्याचा संबंध असलेल्या प्रत्येकाकडे जाऊन 'कहा-सुना माफ' करवून घेतो. जैन समाजात संवत्सरीला 'मिच्छामि दुक्कडम्' म्हणतात ते देवळातल्या मूर्तीला नव्हे, समोरच्या माणसाला. या शहराच्या जामा मशिदीत फारुकी सुलतानाने अरबीबरोबर संस्कृत शिलालेखही कोरवला, हे आम्ही पाहुण्यांना अभिमानाने दाखवतो. पण दोन्ही परंपरांचा त्याहून खोल मेळ या एका नियमात आहे की ज्याचे नुकसान झाले त्याची सही दुसऱ्या कोणालाही करता येत नाही.

मग अश्वत्थामा अजून का फिरतो? त्याला क्षमा मिळालीच नव्हती, असे कोणी म्हणेल. पण भागवतात ती मिळाली आहे. पाच पुत्र गमावलेल्या द्रौपदीने, अर्जुन त्याला बांधून आणतो तेव्हा, त्याला सोडून द्यावयास सांगितले. मी जशी रडते आहे तशी याची आई रडू नये, एवढेच तिचे कारण. तिची सही कागदावर पडलेली होती. आणि त्यानंतर लगेच, त्याच भागवतात, उत्तरेच्या गर्भाकडे ब्रह्मास्त्र झेपावते. क्षमा दिली गेली; ती मागितली गेली नव्हती, म्हणून ती पोहोचली नाही. उलट बोक्याने ती मागितली आणि त्याला ती उशिरा मिळाली. दोन्ही कथा एकत्र वाचल्या म्हणजे क्षमेचे संपूर्ण स्वरूप समजते: देणारा मोकळा होण्यासाठी देणे पुरते, पण अपराधी मोकळा व्हायचा तर मागणेच लागते.

उंदरानेही बोक्याचे कमी हाल केलेले नाहीत, मग बोक्यानेच का वाकावे, ही शंका उरते, आणि ती न्याय्य आहे. अश्वत्थाम्यालाही हेच म्हणता आले असते. पण वैराच्या खातेवहीत जमेतून खर्च वजा करून शून्य कधीच निघत नाही, कारण प्रत्येक पक्षाची वही वेगळी असते. आपल्या वहीतली आपल्या हातची नोंद आपण मान्य करावी, एवढेच कोणाच्याही हाती आहे.

म्हणून माझा निष्कर्ष असा की जखम न टिकणे ही मुक्ती नव्हे आणि जखम जपणे हा न्याय नव्हे. विसरण्याने हसू येते, तहाने उसंत मिळते, पण सुटका मागितलेल्या आणि मिळालेल्या क्षमेनेच होते. आपणां सर्वांना नेमून दिलेली मुदत बोक्याच्या तासाहून मोठी वाटते, पण ती किती हे कोणाच्याही दप्तरात लिहिलेले नाही. वाचकहो, ज्याची सही आपल्याला हवी आहे तो माणूस हयात असेल, तर त्याच्या दारी आजच जा.