चव कुणासाठी?

पाटी उतरवा. आत्ता. आणि हसणं बंद करा, मी गंमत करत नाहीये. आनंदमेळ्यात ‘कुत्र्यांसाठी घरगुती बिस्किटं’ म्हणून दुकान मांडलंत, झिरमिळ्या लावल्यात, फोटो काढलेत. आत काय घातलंय ते मात्र एकालाही धड सांगता येईना.

हे एक मी मोडून पाहिलं. कागदावर तुपाचा डाग उमटलाय, बोटं साखरेने चिकट झालीत, मधोमध मनुका खोचलेली आहे, आणि वास येतोय कांदा-लसूण मसाल्याचा. ‘चव यावी म्हणून घातला, बाई.’ चव कुणाला? त्या काळू कुत्र्याने मागितला होता मसाला?

कांद्यातले गंधकाचे घटक कुत्र्याच्या तांबड्या रक्तपेशी फोडतात. लसूण त्याच जातीचा. शिजवा, भाजा, वाळवा, विष जात नाही. वाळवलेल्या भुकटीत तर ते एकवटतं. कुत्र्याच्या वजनाच्या दर किलोमागे १५ ते ३० ग्रॅम कांदा पोटात गेला की रक्तात बिघाड दिसू लागतो. काळू बारा किलोचा धरा, म्हणजे मोठे दोन कांदे पुरे. रोज थोडा थोडा घातला तरी नुकसान साचत जातं. आणि त्याच दिवशी काही दिसत नाही, मेख तिथेच आहे. दोन-चार दिवसांनी हिरड्या पांढुरक्या होतात, लघवी तांबूस-तपकिरी होते, प्राणी धापा टाकतो. तोवर तुम्ही बक्षिसं घेऊन घरी गेलेले असता.

मनुकांचं तर गणितच मांडता येत नाही. एखादं कुत्रं मूठभर पचवतं, दुसऱ्याची मूत्रपिंडं थोडक्यातच बंद पडतात. म्हणून एकही नको. चॉकलेट नको. काही शुगरफ्री वस्तूंत झायलिटॉल असतं, तेही घातक. पीनट बटर घेताना डब्यावरची बारीक अक्षरं वाचा. ‘आमच्याकडचा सगळं खातो, त्याला काही होत नाही’ हे उत्तर मला देऊ नका. काही होत नाही की तुम्ही पाहत नाही?

आणि राहता कुठे तुम्ही? जबलपुरात! इथे १९४८ पासून पशुवैद्यकीय महाविद्यालय आहे. आज ते ज्या विद्यापीठाचा भाग आहे त्याला नाव आहे नानाजी देशमुखांचं, आपल्या हिंगोलीकडच्या कडोली गावच्या माणसाचं. झिरमिळ्या कापायला तुमच्याकडे अख्खी दुपार होती. सायकल काढून तिथल्या एखाद्या डॉक्टरांना दोन प्रश्न विचारायला वेळ नव्हता?

आता वह्या काढा. ज्वारीचं किंवा गव्हाचं पीठ, उकडून कुस्करलेला लाल भोपळा, एक अंडं. इथला मटार हंगामात स्वस्त असतो, तोही उकडून चालेल. मीठ नाही, साखर नाही, तूप नाही, मसाला नाही. घट्ट मळा, जाडसर लाटा, नखाएवढे तुकडे कापा आणि मंद आचेवर पार कोरडे होईपर्यंत भाजा. मऊ राहिले तर फ्रीजमध्ये ठेवून दोन-तीन दिवसांत संपवा. पावसाळ्यात बुरशीचा ठिपका दिसला तर सगळा घाणा फेका; ठिपका खरवडून देणाऱ्याची मी गय करणार नाही. नवा पदार्थ पहिल्यांदा एकच तुकडा द्यायचा आणि दुसऱ्या दिवशी पोट बिघडलं नाही ना ते पाहायचं.

मापही लिहा. दहा किलोच्या धडधाकट कुत्र्याला दिवसाला साधारण ६०० कॅलरी लागतात. खाऊच्या वाट्याला त्यातला दहावा भाग, म्हणजे ६०. तूप लावलेली एक पोळीसुद्धा त्यात बसत नाही. तुम्ही मघाशी मूठमूठ वाटत होतात! मुक्या जिवाला घास घालायचा तर त्याच्या पोटाची माहिती करून घेणं हे तुमचं काम आहे, त्याचं नाही. तो शेपूट हलवून विषही खाईल.

आता खरं सांगा. सकाळपासून कुणी कुणी हे कुत्र्यांना घातलंय? हात वर करा. जो कबूल करेल त्याला मी शिक्षा करणार नाही; लपवाल तर गाठ माझ्याशी आहे. कुठल्या कुत्र्याला, किती, किती वाजता, ते या कागदावर लिहा. मिठाचं पाणी पाजून उलटी काढायला कुणी जाऊ नका, त्याने आणखी जीव धोक्यात येतो. एक बिस्कीट पिशवीत घाला, मसाल्याचं पाकीट सोबत घ्या. तुम्ही दोघं काळूला रिक्षात धरून बसा. डॉक्टरांशी मी बोलते.